अकाली वार्धक्याचा व्यवसाय

चरित्र अभिनेता, म्हणजे नायक-नायिकेच्या लग्नाला आधी विरोध करण्यासाठी आणि शेवटी आशीर्वाद देण्यासाठी नेमलेला नट, वयाच्या बाबतीत निसर्गनियमांना फारसा जुमानत नाही. नायकाला पंचविशी ओलांडायला वीस वर्षे लागतात, तर चरित्र अभिनेता रंगपटाच्या खुर्चीत तासाभरात साठी गाठतो, आणि एकदा गाठली की निर्माते त्याला तेथून सहसा परत येऊ देत नाहीत.

या अकाली वार्धक्याला मराठीत थोर परंपरा आहे. डिसेंबर १९७० मध्ये ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग झाला, तेव्हा सर्वस्व मुलांना वाटून बसलेले गणपतराव बेलवलकर साकारणारे डॉ. श्रीराम लागू अवघे ४३ वर्षांचे होते. भूमिका नायकाची असली तरी वय मात्र चरित्र अभिनेत्याच्या वाट्याचे होते, आणि स्वतः कान-नाक-घशाचे शल्यविशारद असल्याने आपण घशावर किती अत्याचार करीत आहोत, हे त्यांना अन्य नटांपेक्षा अधिक शास्त्रशुद्धपणे ठाऊक असणार.

दिलीप प्रभावळकर यांचे प्रकरण अधिक गुंतागुंतीचे आहे. दूरदर्शनवर चिं. वि. जोशींचा चिमणराव उभा करणाऱ्या या नटाने स्वतःच लिहिलेल्या ‘हसवाफसवी’त सहा भूमिका केल्या, ‘झपाटलेला’त तात्या विंचू होऊन बाहुल्यात प्रवेश केला, २००१ मध्ये सुरू झालेल्या ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ या मालिकेत आबा म्हणून घराघरात बस्तान बसवले आणि २००६ च्या ‘लगे रहो मुन्नाभाई’त ते गांधीजी झाले. त्या वर्षीचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला तो सहायक अभिनेत्याचा. साक्षात राष्ट्रपिता होऊनही बढती मिळत नाही, यावरून या व्यवसायातील श्रेणीव्यवस्था किती कडक आहे, याची कल्पना यावी.

अर्थकारण त्याहून कडक. नाटकात नटाला ‘नाइट’, म्हणजे दर प्रयोगामागे ठरलेले मानधन, मिळते. मालिकेत दिवसाचा हिशेब असतो आणि झोपाळ्यावर बसून ‘हे लग्न या घरात होणार नाही’ एवढे एकच वाक्य वेगवेगळ्या कोनांतून म्हणण्यात तो दिवस जातो. मात्र ‘ट्रॅक’, म्हणजे कथानकातील त्या पात्रापुरता धागा, संपला की आजोबांची रवानगी तीर्थयात्रेला, कोमात किंवा थेट भिंतीवर होते. भिंतीवरची वाईट, कारण हार घातलेली तसबीर पुढे कितीही भाग सुनेचे हुंदके ऐकत असली तरी तिला मानधन लागू होत नाही. म्हणूनच अनुभवी नट आपल्या मृत्यूचा प्रसंग हाती आला की संवादांपूर्वी मृतदेह सापडतो की नाही, तेवढे पाहून घेतो. न सापडलेल्या आजोबांना टीआरपी घसरताच स्मृतिभ्रंशासह परत आणता येते, आणि त्या अवस्थेत पाठांतरही कमी लागते.