आधी एमबीबीएस, मग अभिनय

कामशेतला लोकलमध्ये एक पोरगा चढला आणि शेजारी टेकला. मोबाइलमधले स्वतःचे फोटो दाखवले. दाढीसकट, दाढीशिवाय, धुक्यात. "काका, मी प्रायोगिक सिनेमात काम करतो."

काय केलंस?

"पवनाकाठी दोन दिवस प्रेत झालो होतो."

मानधन दोन वडापाव आणि परतीचं तिकीट. तेही लोकलचं. पावसात प्रेताला शिंक आली म्हणून एक टेक वाया गेला, त्याबद्दल दिग्दर्शकाचं बोलणं खाल्लं ते वेगळं.

पोरगा तयारीचा होता. इराणी सिनेमे पाठ. एकच गोष्ट त्याला कुणी सांगितली नव्हती: मराठीत वेगळ्या वाटेच्या सिनेमाचा खरा निर्माता दवाखाना असतो.

आठवून बघा. 'सामना', १९७५. दिग्दर्शक जब्बार पटेल, दौंडचे बालरोगतज्ज्ञ. मास्तर झालेले श्रीराम लागू कान-नाक-घशाचे सर्जन. त्यांनी प्रॅक्टिस सोडली ती चाळिशी उलटल्यावर. त्याच सिनेमात मोहन आगाशे, मानसोपचारतज्ज्ञ. सेटवर कुणी आजारी पडायची सोयच नव्हती म्हणा, किंवा सगळी सोय होती!

आगाशेंचंच घ्या. १९७२ साली 'घाशीराम कोतवाल' नाटकात नाना फडणवीस. १९७६ मध्ये 'युक्त' नावाच्या सहकारी संस्थेनं त्यावर सिनेमा केला, तिथेही नाना तेच. दिग्दर्शक चार: मणी कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा, कमल स्वरूप. (आपल्याकडे चौघांचं शेअर रिक्षाच्या भाड्यावर एकमत होत नाही.) पुढे 'अस्तु'मध्ये ते स्मृती हरवत चाललेले संस्कृत पंडित झाले, आणि 'कासव'मध्ये अभिनयाबरोबर निर्मितीतही उतरले. 'कासव'ला २०१६ चं सुवर्णकमळ मिळालं. घोषणा झाली एप्रिल २०१७ मध्ये, सिनेमा थिएटरात आला ऑक्टोबरमध्ये. नावाला जागून.

डॉक्टर माणसाला असा उशीर परवडतो. घरभाडं सिनेमावर अवलंबून नसलं की नटाला 'नाही' म्हणता येतं, आणि त्याची कारकीर्द निम्मी तरी त्या 'नाही'वर उभी असते. वडापाववाल्या प्रेताला ती चैन कुठली?

तळेगाव आलं. म्हटलं, "हे बघ, इथे कलापिनी आहे, नाटक शिकायला चांगली जागा. तिच्या संस्थापकांच्या नावाआधीही 'डॉ.' आहेच. आणि याच गावात मायमर मेडिकल कॉलेज आहे. दोन्हीकडे अर्ज टाक."

पोरगा ओशाळला. "काका, मी कॉमर्सचा."

मग बँकेची परीक्षा दे, बाबा. अमोल पालेकर बँक ऑफ इंडियात होते.