घाई आरोपी नाही!

भोपाळच्या अरेरा कॉलोनीत हल्ली घरटी एक इंजिनिअर सापडतो. आणि इंजिनिअर म्हटला की रास्पबेरी पाय आलाच. विकत घेतलेला सर्वांकडे आहे, चालू असलेला कोणाकडे ते विचारू नका.

2012 साली हा खिशात मावणारा संगणक 35 डॉलरला बाजारात आला. हेतू उदात्त: मुलांनी प्रोग्रॅमिंग शिकावं. मुलं शिकतीलही. आधी तो बाबांच्या हातून सुटू तर द्या!

याला हार्ड डिस्क नसते. ऑपरेटिंग सिस्टिमची इमेज एसडी कार्डावर उतरवायची आणि कार्ड खोचायचं. म्हणजे सगळी मदार कार्डावर. म्हणूनच ते सर्वांत स्वस्तातलं घ्यायचं.

स्वस्तातल्या कार्डावर 128 जीबी छापलेलं असतं, आत कधीकधी 8 निघतात. संगणकाला मात्र ते बेधडक 128च सांगतं. कार्डाच्या फर्मवेअरला तेवढंच पढवलेलं असतं.

तरी म्हणे इमेज उतरवणं, म्हणजे फ्लॅशिंग, कधी फसत नाही!

2020 पासून त्यासाठी अधिकृत इमेजर फुकट मिळतो. तो आधी लिहितो, मग लिहिलेलं परत वाचून ताडून पाहतो. काही मिनिटांचं काम. पण तिथेच पडताळणी रद्द करायचंही बटण आहे. सूचना वाचायला वेळ नसलेल्यांना ते बरोबर सापडतं.

जाणकार इमेजरला हात लावत नाहीत. ते डीडी कमांड चालवतात. कार्डाच्या एसडीबी या नावाच्या जागी एसडीए टाइप झालं, की कार्ड सुखरूप आणि बऱ्याच लॅपटॉपांत डिस्क साफ. डीडी ‘नक्की ना?’ असं विचारत नाही. जाणकारांना कोण विचारणार?

इमेज नीट उतरली तरी विंडोज म्हणतं, कार्ड फॉरमॅट करा. का? लिनक्सचं पार्टिशन त्याला वाचता येत नाही. आपल्याला वाचता येत नाही ते पुसून टाका, हा खाक्या एकट्या विंडोजचा थोडाच आहे?

पाय 4 ला 5 व्होल्ट, 3 अँपिअर लागतात. जोडलेला असतो जुन्या मोबाइलचा चार्जर. पडद्यावर विजेचं चिन्ह चमकतं, म्हणजे वीज कमी पडतेय. घरचे म्हणतात, वा, काय जोरात चाललंय!

एप्रिल 2022 पर्यंत यूजरनेम ‘पाय’ आणि पासवर्ड ‘रास्पबेरी’ आयताच मिळायचा. आता स्वतःचा ठेवावा लागतो. लोक ठेवतातही.

भोपाळ123.

एवढं करून बोर्डावरचा हिरवा दिवा लुकलुकला नाही, की दस नंबर मार्केटातल्या चहावर निकाल लागतो: बोर्डच खराब निघाला! कार्डाला जामीन, चार्जर निर्दोष. घाईचं तर आरोपपत्रात नावही नसतं.