फुगवलेला फ्लॅक

एमपीथ्रीची फाइल फ्लॅक या काहीही न गमावणाऱ्या स्वरूपात बदलून ‘थेट सीडीवरून घेतली आहे’ असं सांगत पुढे सरकवणं ही शुद्ध फसवणूक आहे. एमपीथ्रीने एकदा कापलेलं परत येत नाही. फाइल तेवढी फुगते.

काय कापलं जातं, ते एका उदाहरणावरून पाहा. शेफील्डच्या वॉर्प या रेकॉर्ड कंपनीने १९९२मध्ये ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’ हा संग्रह काढला. नाचायला नव्हे, बसून ऐकायला केलेलं इलेक्ट्रॉनिक संगीत. मुखपृष्ठावर आरामखुर्चीत रेललेला रोबो, आसपास पिंक फ्लॉइड आणि क्राफ्टवेर्कच्या रेकॉर्डची कव्हरं. अशा संगीतात सूर विरत जातानाचा शेवटचा धूसर भागही रचनेचाच असतो. ‘हे कानाला कळणार नाही’ असं ठरवून एमपीथ्री बारीकसारीक तपशील टाकून देते. १२८ किलोबिटच्या फाइलचा स्पेक्ट्रोग्राम, म्हणजे आवाजातल्या कंपनसंख्यांचा आलेख, काढा. साधारण १६ किलोहर्ट्झच्या वर सगळं सपाट कापलेलं दिसतं. तिचा फ्लॅक केला, तरी ती रेघ तिथेच.

३२० किलोबिट आणि सीडी यांतला फरक बहुतेकांना कानाने सांगता येत नाही, हे मला मान्य आहे. पण जपून ठेवलेल्या प्रतीवरून पुढे आणखी प्रती निघतात. एमपीथ्रीवरून पुन्हा एमपीथ्री केली, की दर वेळी नवी कापाकाप. फ्लॅक सीडीचा सेकंदाला १,४११ किलोबिटचा डेटा बऱ्याचदा निम्म्या-पाऊण जागेत बसवतो आणि उलगडल्यावर बिट न् बिट तोच परत देतो. फाइलमध्ये आवाजाचा एमडी५ ठसाही असतो. मात्र आत घातलं तेच बाहेर आलं, एवढीच त्याची ग्वाही; आत मुळात एमपीथ्री होती की सीडी, हे तो सांगत नाही. म्हणून ‘एग्झॅक्ट ऑडिओ कॉपी’ या प्रोग्रॅमने सीडी रिप करताना निघालेला लॉग मागा. त्यात ‘अ‍ॅक्युरेटरिप’चा निकाल असेल, तर त्याच सीडीच्या इतरांनी काढलेल्या प्रतींशी आपली प्रत जुळते का, ते कळतं. लॉग नसेल, तर ‘मूळ प्रत’ म्हणू नका.

आणि फाइलमधले नावागावाचे टॅग ‘सुधारणाऱ्यां’नीही हात आवरावा. ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’च्या पहिल्या ट्रॅकवर नाव आहे ‘द डाइस मॅन’. तो रिचर्ड डी. जेम्स, म्हणजेच एफेक्स ट्विन, हे आता सगळ्यांना ठाऊक आहे. त्यातलाच ‘अप!’ म्हणजे रिची हॉटिन, हेही. म्हणून काही जण कलाकाराच्या रकान्यात त्यांची प्रसिद्ध नावं भरून टाकतात. तसं करू नका. ती माहिती टिपणाच्या रकान्यात लिहा. कलाकाराच्या रकान्यात १९९२च्या कव्हरवर छापलेलंच नाव हवं.