ठिकलचाणा ग्रहावरचं झाड

परग्रहावरच्या झाडाची कल्पना करायची असेल तर माणसानं चिकलठाण्यात राहू नये. महाबळेश्वरला जावं. तिथली झाडं झाडांसारखी वागतात. आमच्याकडं जालना रोडच्या एका अंगाला विमानतळ, दुसऱ्या अंगाला एमआयडीसी आणि मधे धूळ. शिवाय उन्हाळ्यात शहराचा पारा किती चढला हे ज्या वेधशाळेच्या नावानं पेपरात छापून येतं, ती वेधशाळाही आमचीच. उकडतं अख्ख्या शहराला, पण नोंद आमच्या नावावर. अशा ठिकाणी जे झाड टिकतं, त्यानं या ग्रहाचे नियम कधीच सोडून दिलेले असतात.

एरवी हे माझ्या लक्षात आलं नसतं. पण नातीच्या शाळेत प्रकल्प निघाला: ‘काल्पनिक परग्रहावरील वृक्ष व त्याची दहा अनुकूलने’.

“आबा, तुम्ही कंपनीत होतात ना? मग तुम्हाला डोकं चालवायची सवय असेल,” ती म्हणाली.

हा गैरसमज मी मोडला नाही. मी क्वालिटीला होतो. तिथं डोकं चालवायची नाही, दुसऱ्यानं केलेल्या कामात खोट काढायची सवय लागते. तीच या प्रकल्पात कामी आली, किंवा आडवी आली म्हणा.

ग्रहाचं नाव तिनं लगेच ठरवलं, ठिकलचाणा. झाडाचं पहिलं अनुकूलन म्हणजे काळी पानं. हे काही तिच्या मनचं नव्हतं. विश्वात सूर्यासारख्या ताऱ्यांपेक्षा लाल बटू तारे कितीतरी जास्त आहेत. त्यांचा उजेड मंद. तिथल्या झाडाला हिरवा प्रकाश परत पाठवायची चैन परवडणार नाही, मिळेल तो सगळा किरण गिळावा लागेल, म्हणून पानं काळी असू शकतील. नासाच्या नॅन्सी कियांग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ साली हा विचार मांडलेला आहे.

मी तिला एमआयडीसीच्या रस्त्यावर नेलं. दुभाजकातल्या कण्हेरीच्या पानांवर धुळीचा आणि ट्रकच्या धुराचा असा थर होता की हिरवा रंग कुठं म्हणून दिसेना. तिनं एका पानावरून बोट ओढलं. बोट काळं झालं आणि पानावर एक बारीक हिरवी रेघ उमटली.

“हे आहेच की आपल्याकडं,” ती हिरमुसून म्हणाली. “तेही पिवळ्या ताऱ्याखाली,” मी म्हणालो. पहिलं अनुकूलन खोडलं.

दुसरं होतं, झाडाला चालता येतं. आता वड चालतोच. फांदीवरून पारंबी सोडतो, ती जमिनीत रुतली की खोड होते, आणि एक झाड शंभर पायांनी पसरत जातं. शिवाय आजकाल रस्ता रुंद करताना जुनं झाड मुळासकट उपटून क्रेननं दुसरीकडं नेतात. त्याला पुनर्रोपण म्हणतात. यात झाड एकदाच चालतं. नंतर बहुधा आडवंच होतं.

तिसऱ्यावर मात्र आम्ही बराच वेळ घालवला, कारण विषय पाण्याचा होता. चाळीस किलोमीटरच्या आसपास जायकवाडी, आणि नळाला पाणी कधी येणार हा शहरातला सनातन प्रश्न. ठिकलचाण्याचं झाड म्हणे जमिनीखालून शेजाऱ्याच्या मुळाला आपली मुळं जोडतं आणि त्याचं पाणी ओढून घेतं. कल्पना चांगली, पण ती चंदनाची आहे. चंदन दिसतं सोज्वळ, वागतं परोपजीवी. त्याच्या मुळांना बारीक गाठी येतात, त्या शेजारच्या झाडाच्या मुळाला चिकटतात आणि पाण्यासकट क्षार ओढतात. वर पानं आहेत, अन्न करता येतं, म्हणजे अगदीच उपाशी नाही. तरी ओढतं. देवाच्या कपाळी मात्र तेच! आमच्या गल्लीत नळाला थेट मोटार लावणारे जे गृहस्थ आहेत, तेही सकाळी कपाळाला गंध लावूनच मोटार चालू करतात. मी नातीला उदाहरण म्हणून त्यांच्याकडं बोट दाखवलं. तिनं ते वहीत लिहून घेतलं. मी नंतर खोडायला लावलं.

चौथं, झाड लोखंड खातं. हे खास एमआयडीसीचं लेकरू म्हणून मला आवडलं होतं. पण न्यू कॅलेडोनिया बेटावर पिक्नँड्रा नावाचं एक झाड आहे, ते जमिनीतलं निकेल पिऊन साठवतं. चीक काढला तर निळसर हिरवा निघतो आणि वाळवला तर वजनाच्या पाव हिस्सा निकेल भरू शकतं. असं झाड चिकलठाण्यात उगवलं असतं तर उत्क्रांतीला फार वाव मिळाला नसता. भंगारवाल्यानं ते रोप असतानाच वजनावर नेलं असतं.

पाचवं होतं शत्रूचं टक्कल करणं. यावर ती स्वतःच इतकी हसली की मला सांगवेना. पण सांगितलं. सुबाभळीत मिमोसीन नावाचं द्रव्य असतं. घोड्यानं तिचा पाला बराच खाल्ला तर त्याच्या आयाळीचे आणि शेपटीचे केस गळतात. नातीनं माझ्या डोक्याकडं पाहिलं. मी जन्मात सुबाभूळ खाल्लेली नाही. आमच्या शेडच्या मागं सुबाभळीची रांग होती हे खरं आहे, आणि डबा आम्ही तिथंच खायचो हेही खरं आहे. याहून जास्त तपशील मी प्रकल्पासाठी दिला नाही.

“मग फुलं लपवून ठेवणारं झाड?” तिनं विचारलं. तोवर मलाच वाईट वाटायला लागलं होतं. उंबराचं फूल कुणाला दिसत नाही असं आपण म्हणतो, कारण ते फळाच्या आत असतं. म्हणजे आपण ज्याला फळ म्हणतो ती फुलांनी भरलेली बंद कुपीच असते. तिच्या तोंडाशी इतकं बारीक भोक की आत शिरताना बारक्या गांधीलमाशीचे पंख बहुधा तुटतात. ती आत परागकण पोचवते, अंडी घालते आणि तिथंच मरते. तिच्या पोरींना त्याच कोठडीत पंख फुटतात आणि त्या पराग घेऊन दुसऱ्या उंबराकडं निघतात. त्यांचे भाऊ बिनपंखांचे. बहिणींना बाहेर पडायला वाट कोरून देणं एवढंच त्यांचं शेवटचं काम. अख्खी कौटुंबिक मालिका एका फळात! उंबर फोडला की उडतात ती केंबरं म्हणजे याच कथानकातली पात्रं. उंबर दत्ताचं झाड म्हणून आपण खाली बसून हात जोडतो, आणि वर हे चाललेलं असतं.

मग तिनं शेवटचं अस्त्र काढलं. “ते झाड दुसऱ्या ग्रहावर हल्ला करतं. सगळीकडं पसरतं, आधीची झाडं मारून टाकतं, आणि कुणी तोडलं की दुप्पट येतं.”

हे ऐकून मी नुसता चिकलठाण्याबाहेरच्या पडीक जमिनीकडं हात केला. वेडी बाभूळ. मूळची मेक्सिको, मध्य अमेरिकेकडची. एकोणिसाव्या शतकात इंग्रजांच्या काळी इकडं आणली, जळण होईल, ओसाड जमीन हिरवी होईल म्हणून. झाली हिरवी, पण बाकी काही उगवेना. शेंगा गोड, शेळ्या आवडीनं खातात, बिया पचत नाहीत, उलट पोटातून फिरून आलं की बी चांगलं रुजतं. म्हणजे शेळी जिथं जाईल तिथं शाखा. तोडलं तर बुंध्यातून पुन्हा फुटतं. काटा असा की सायकलचं टायर सोडा, चपलेचा तळ सोडत नाही.

आपल्या भागात अवकाशातून खरोखर आलेली मोठी वस्तू कोणती, तर लोणारला पडलेली उल्का. तिनं बेसॉल्ट खडकात जवळजवळ १.८ किलोमीटर रुंदीचा खड्डा पाडला. एवढा पराक्रम करून उल्का वाफ होऊन गेली. त्या विवराच्या उतारावर चढाई केली ती या बाभळीनं, आणि ती काढता काढता माणसं थकली. म्हणजे आकाशातल्या पाहुण्यालाही मेक्सिकोच्या पाहुणीनं मागं टाकलं.

नात आता रडायच्या बेताला आली होती. वहीत सगळं खोडलेलं. तेव्हा मी म्हणालो, आपण उलटं करू. परग्रहावरचा शास्त्रज्ञ एमआयडीसीत उतरलाय असं समज. तो काय लिहील?

तो लिहील की या ग्रहावरचा मुख्य सजीव म्हणजे हिरवी, गोल, लोखंडी जाळी. तिच्या अंगावर तिच्या कुळाचं नाव पांढऱ्या अक्षरांत असतं आणि खाली ‘यांच्या सौजन्याने’ असं लिहिलेलं असतं. ती ऊन, वारा, शेळी कशानंही मरत नाही. दरवर्षी पाच जूनला टाय लावलेली माणसं तिच्याभोवती जमतात, फोटो काढतात, आणि तिच्या पोटात एक कोंब येतो. जुलैपर्यंत तो वाळतो. मग ती चहाचे कागदी कप आणि पुड्या खाऊन राहते. पुढच्या पाच जूनला पुन्हा कोंब, त्याच खड्ड्यात.

पाच जून कशाला, तर १९७२ साली त्या दिवशी स्टॉकहोमला संयुक्त राष्ट्रांची पर्यावरण परिषद सुरू झाली. स्वीडनात जून छान असणार. आपल्याकडं त्याच साली जो दुष्काळ पडला, त्यावरून अजून म्हातारी माणसं आपलं वय सांगतात. कन्हैयालाल मुन्शींनी १९५० मध्ये वनमहोत्सव काढला तो जुलैत, कारण ते भडोचचे, पाऊस कधी पडतो हे त्यांना ठाऊक होतं. आमचा मृग पंचांगात वेळेवर असतो, पण तो चिकलठाण्याला पोचेपर्यंत कोंबाचा कडबा झालेला असतो. २०१९ मध्ये राज्यात ३३ कोटी रोपं लावायचं ठरलं होतं. २०११ च्या जनगणनेत आपण सव्वाअकरा कोटी. म्हणजे माणशी जवळजवळ तीन झाडं. माझी तीन कुठं आहेत, कुणी सांगेल का? निदान सावलीला तरी जाईन.

जी मोठी होतात त्यांचं पुढं काय होतं तेही शास्त्रज्ञानं टिपलंच असतं. विजेच्या तारांखालच्या झाडांचा दर मे महिन्यात असा मधोमध भांग पाडतात की काही वर्षांनी ती झाडं आपणहून दोन बाजूंना वाढायला लागतात. खोडात खिळे. खिळ्यांवर क्लासची पाटी, फ्लॅटची पाटी, मूळव्याधीची पाटी. हे झाड बोलतंही, फक्त जाहिराती.

या सगळ्यातून वाचायचं असेल तर एकच अनुकूलन खात्रीचं आहे, देव होणं. कैलासपतीचं झाड दक्षिण अमेरिकेतलं, पण त्याच्या फुलात पिंडी आणि वर नागाचा फणा दिसतो. तेवढ्या भांडवलावर त्यानं शंकराच्या देवळाच्या आवारात जागा मिळवली. आणि आपला पिंपळ तर या बाबतीत सगळ्यांचा बाप. त्याच्या बुंध्याशी एक शेंदूर लावलेला दगड आला की रस्ता वळसा घालून जातो.

याचा प्रयोग आमच्या घरीच चालू आहे. गच्चीच्या कठड्यात, पाइपाजवळच्या भेगेत, बुलबुलाच्या की साळुंकीच्या कृपेनं पिंपळ उगवलाय. त्याच्या मुळानं प्लास्टर उचललं म्हणून मी गवंड्याला बोलावलं. त्यानं वाकून पाहिलं आणि हात मागं घेतला.

“साहेब, प्लास्टर करतो, वॉटरप्रूफिंग करतो. तेवढं झाडाचं तुम्ही बघा.”

“बघा म्हणजे?”

“तुम्ही उपटा. मी तवर चहा पिऊन येतो.”

मी हात घातला तर आमची ही जिन्यातूनच ओरडली. “अहो, हात लावू नका! पिंपळावर मुंजा असतो.”

“चार पानांचं रोप आहे. त्यावर मुंजा मावेल कसा?”

“लहानच असतो तो,” ती म्हणाली.

यावर विज्ञानाकडं उत्तर नव्हतं. नातीनं मात्र तिथल्या तिथं वही उघडली आणि पहिलं न खोडता येणारं अनुकूलन लिहिलं: ‘हे झाड स्वतःच्या संरक्षणासाठी एक अदृश्य मुलगा पाळते.’ त्याला खाऊ काय लागतो, तो शाळेत जातो का, हेही तिनं आजीला विचारून घेतलं. आजीनं सगळ्याची उत्तरं दिली.

गवंडी चहा पिऊन आला, रोप जागेवर पाहून समजायचं ते समजला. “होत नसंल तर जालन्याकडून एक माणूस येतो,” तो म्हणाला. “नारळ फोडतो, काढतो. त्याचे पैसे वेगळे पडतील.”

“किती?”

“बघून सांगंल. पण लवकर काय ते ठरवा साहेब. त्याचा रेट पानावर असतो.”