बाईंचा रुसवा

अहो वहिनी, जरा कुंपणाशी या ना... काल नातीबरोबर ‘मेरी पॉपिन्स’ बघत होतात ना? गाणी ऐकू येत होती. गोड आहे हो पिक्चर. पण पुस्तक लिहिणाऱ्या त्या ट्रॅव्हर्सबाईंचं ऐकलंत का?

डिस्ने वीसेक वर्षं त्यांचे उंबरे झिजवत होता, हे काय नवीन नाही. लेकींना शब्द देऊन बसला होता ना, पिक्चर काढीन म्हणून! शेवटी १९६१ साली बाई लॉस एंजेलिसला गेल्या. आणि मग काय... हे गाणं नको, ते कार्टून नको, लाल रंग तर म्हणे दिसायलाच नको! वर, बोलणं सगळं टेप करा. गाणी रचणारे ते शर्मन बंधू हौसेने पियानो वाजवायचे, नि बाईंनी नाक मुरडलं की दोघांची तोंडं एवढीश्शी!

तर काय सांगत होते... हं, मिस्टर बँक्स. त्या पोरांचा बाप हो. सिनेमात त्याला फार कडक केला, ते बाईंना झोंबलं. झोंबणारच! यांचे वडील तिकडे ऑस्ट्रेलियात बँकेत मॅनेजर. खाली उतरवून क्लार्क केलं, आणि पोर सात वर्षांची असताना गेले बिचारे. ट्रॅव्हर्स हे त्यांचंच नाव. हिचं खरं नाव हेलन गॉफ, पण बापाचं नाव आडनावासारखं जन्मभर लावलं... मला तर गलबललं हो.

आणि १९६४ चा तो प्रीमियर! लग्न घरचं नि नवरीच्या आईलाच अक्षत नाही! पण बाई पक्क्या, आमंत्रण मागून घेतलं. सिनेमा बघताना डोळ्यांना धार. लोकांना वाटलं, आनंदाश्रू! कसले आनंदाश्रू... पार्टीत डिस्नेला गाठून म्हणाल्या, ते कार्टून काढून टाका. जहाज केव्हाच सुटलं, म्हणाला आणि निघून गेला म्हणे!

पाच ऑस्कर मिळाले. त्यातले दोन गाण्या-संगीताचे, शर्मन बंधूंना. बाईंनाही पैसा बक्कळ. पण राग? अहो, नव्वदी उलटल्यावर नाटकाला परवानगी दिली, तीही अटीवर: लिहिणारे इंग्रजच हवेत, सिनेमावाला एक नको! १९९६ ला बाई गेल्या. नाटक लंडनला लागलं २००४ मध्ये. थोडी नवी गाणी केली, नाही असं नाही. पण लोक गुणगुणत बाहेर पडले ती कुठली, सांगा बरं? अहो, शर्मनांचीच!