साखळी राहिली

मिलवॉकीला मुलाकडे आलो की पहिले दोन आठवडे बरे जातात. तिसऱ्या आठवड्यापासून मी डिशवॉशरच्या बिजागऱ्या तपासायला लागतो आणि सूनबाई मुलाकडे बघायला लागते. चाळीस वर्षं भोसरीच्या टूलरूममध्ये डाय-पंच घासलेला माणूस नुसता बसून राहणार तरी किती? म्हणून शेजारच्या म्हाताऱ्यांनी (मी त्यांना मनातल्या मनात अण्णा म्हणतो) "पत्र्याचं काम कळतं ना तुम्हाला?" असं विचारलं, तेव्हा चहा अर्धा टाकून निघालो.

त्यांच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर एक लांबलचक रायफल पहुडली होती. ली-मेटफर्ड, मार्क वन. ब्रिटिश सैन्यानं १८८८ साली स्वीकारलेली. आपल्या पोलिसांच्या खांद्यावर मी लहानपणापासून पाहिलेल्या थ्री-नॉट-थ्रीची ही पणजी. हिच्या पोटाखालच्या मॅगझिनमध्ये काडतुसं आठ. १८९२ च्या मार्क टूमध्ये ती दहा झाली आणि आठवाली मॅगझिनं दुर्मीळ झाली. अण्णांच्या रायफलीचं केव्हाच हरवलं होतं, म्हणून त्यांनी एका कारागिराकडून नवं घडवून घेतलं होतं. आता त्याची ट्रायल.

मी मॅगझिन हातात घेतलं. वळण सुरेख, कुठे बर, म्हणजे धातूची कुसळ, नाही. पण माझी नजर गेली ती घोड्याच्या कडीपुढे लोंबणाऱ्या एका छोट्या दुव्याकडे. अण्णा म्हणाले, मॅगझिन हरवू नये म्हणून सैन्यानं ते रायफलीला साखळीनं बांधलेलं असायचं.

म्हणजे मॅगझिन गेलं आणि साखळी राहिली!

मला राहवेना. ज्यानं या मॅगझिनची कल्पना काढली तो जेम्स पॅरिस ली मूळचा स्कॉटलंडचा, वाढला कॅनडात, धंदा घड्याळजीचा. मग तो इथे विस्कॉन्सिनमध्ये आला. याच मिलवॉकीत त्यानं अमेरिकन सैन्यासाठी कार्बाइन बनवायला घेतल्या आणि नळीच्या भोकाच्या मापावरून सैन्याशी वाद होऊन काम अंगावर आलं. (इन्स्पेक्शनवाले सगळीकडे सारखेच.) पुढे १८७९ मध्ये त्यानं बोल्टखाली बसणाऱ्या, काढता-घालता येणाऱ्या पेटीचं पेटंट घेतलं. काढता येणं हीच तर त्यातली गंमत. आणि ब्रिटिशांनी काय केलं, तर ती पेटी साखळीनं बांधून टाकली, आपल्या रेल्वेच्या संडासातल्या मगासारखी. वर आणखी एक सरकती पट्टी बसवली. ती आत ढकलली की मॅगझिन बंद. शिपायानं एकेक काडतूस हातानं घालायचं आणि आतली आठ अडीअडचणीला राखून ठेवायची. पोरांच्या हाती आठ दिली तर आठही उडवतील, ही भीती. आमची आजी लाडवांचा डबा वरच्या फळीवर ठेवायची, त्यामागचं शास्त्र हेच.

ट्रायलला आधी बिनदारूची, नकली काडतुसं घेतली. पहिलं सुरळीत गेलं. दुसरं गेलं. तिसऱ्याला बोल्ट मध्येच अडला. काढलं, परत भरलं. आता पाचव्याला अडला. अण्णांनी जोर लावताच एक काडतूस टुणकन उडून साखरेच्या भांड्यात पडलं. "कारागिरानं ओठ चुकीचे वळवले," अण्णा म्हणाले. काडतूस धरून ठेवणाऱ्या वरच्या दोन काठांना ते लोक ओठ म्हणतात. मीही मान डोलावली. टूलरूममध्ये दोष नेहमी मागच्या पाळीचाच असतो.

दोन दिवस आम्ही त्या ओठांकडे भिंगातून पाहिलं. व्हर्नियर लावला. मी पॉलिश पेपर काढणार होतो, एवढ्यात लक्षात आलं. या काडतुसाला बुडाशी बाहेर आलेली कड असते. भरताना वरच्याची कड खालच्याच्या कडेपुढे बसली पाहिजे. मागे राहिली की वरचं पुढे जाताना खालच्यालाही ओढतं. अण्णा टीव्हीवरची बातमी ऐकत ऐकत भरत होते. कारागीर निर्दोष सुटला. त्याला पाठवायचं रागाचं पत्र अण्णांनी लिहून ठेवलं होतं, ते मुकाट्यानं फाडलं.

शनिवारी रेंजवर गेलो. कानावर टोप्या, मी मागे बाकावर. आधी एकच काडतूस, मग दोन, मग आठ. बारही जुन्या हाडांना सोसतील असे हलके. मी बोटांवर मोजत होतो. सातव्याला बोल्ट जरा रेंगाळला आणि माझ्या पोटात गोळा आला, नव्या डायचा पहिला तुकडा पडताना यायचा तसा. आठवा सुटला. अण्णांनी वळून अंगठा दाखवला. मी चक्क टाळ्या वाजवल्या; शेजारच्या लेनवरचा तरुण बिचारा दचकला.

परत निघताना मॅगझिन सापडेना. बाकाखाली पाहिलं, गाडीत पाहिलं, कचऱ्याचा डबासुद्धा उपसला. अर्ध्या तासानं ते अण्णांच्या कोटाच्या आतल्या खिशात निघालं.

सोमवारी अण्णांनी त्याच कारागिराला पत्र पाठवलं. रागाचं नाही. साखळीची ऑर्डर.