काळ विणणाऱ्यांची श्रेणी कशी स्थापावी

काळ विणून कापडात घालणाऱ्या कारागिरांची श्रेणी, म्हणजे संघ, काढायची असेल, तर जागा अहिल्यानगर जिल्ह्यातच पाहावी. उत्तरेला कोपरगाव मागे टाकले की येवला, पूर्वेला शेवगावकडून गोदावरी ओलांडली की पैठण. दोन्ही हद्दींपलीकडे पैठणी विणतात. नगरकरांनी ती लग्नात नेसायची, एवढीच काय ती जबाबदारी. शिवाय जिल्ह्याला ज्यांचे नाव मिळाले त्या अहिल्याबाई १७२५ साली जामखेड तालुक्यातल्या चौंडीत जन्मल्या, पण त्यांनी विणकर वसवले ते नर्मदाकाठी, महेश्वरला. माहेराला नाव मिळाले, साडी सासरी राहिली. श्रेणीने याबद्दल तक्रार करू नये.

भांडवल उभे करताना मात्र जुना दाखला जवळ ठेवावा. नाशिकच्या पांडवलेण्यांत क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा शिलालेख आहे. त्याने ३,००० कार्षापणे कायमची ठेव म्हणून गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेवली: २,००० एकीकडे, दरमहा शेकडा एक व्याजाने, १,००० दुसरीकडे, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. पहिल्या ठेवीचे वर्षाचे व्याज २४० होते. लेण्यात पावसाळा काढणाऱ्या २० भिक्षूंना वस्त्रासाठी प्रत्येकी १२. हिशेब कवडीचीही बाकी न ठेवता जुळतो. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी राजाचा जावई विणकरांकडे पैसे ठेवी आणि विणकर त्यावर व्याज देत. आजच्या श्रेणीने हा लेख कर्ज मागायला जाताना सोबत न्यावा. साहेब खुर्ची तरी देतील.

दैवताची सोय आहेच. विणकरांचा स्वकुळ साळी समाज जिव्हेश्वराला मूळपुरुष मानतो. श्रावण शुद्ध त्रयोदशीला जयंती असते. त्या दिवशी माग बंद ठेवावा.

आता अवजारे. माग, फणी, पावड्या, धोटा हे सगळे कुठल्याही विणकराकडे असते. काळ विणायचा तर पदराला लागतात त्या तिल्ल्या, म्हणजे रेशमाच्या इवल्या कांड्या. मोराच्या गळ्याला एक, पिसाऱ्याला दुसरी, वेलीला तिसरी, जरीच्या जमिनीला आणखी निराळ्या. साध्या कापडात बाण्याचा धागा या काठापासून त्या काठापर्यंत जातो. पैठणीच्या पदरात तो आपल्या रंगाच्या हद्दीपर्यंत जातो, शेजारच्या धाग्यात अडकतो आणि मागे वळतो. पदराच्या एका ओळीत असे अनेक धागे आपापली हद्द सांभाळत असतात. साधी पैठणी महिनाभरात मागावरून उतरते. भरगच्च पदराची वर्षभर, कधी त्याहून जास्त काळ बसवून ठेवते.

श्रेणीच्या हजेरीपटात इथे एक दुरुस्ती लगेच करून टाकावी. मजुरी मागावर बसणाऱ्याच्या नावे लिहिली जाते; रेशीम उकलणारी आणि कांड्या भरणारी घरातली बाई त्या पटावर बहुधा नसतेच. ती जर काळ विणत नसेल, तर काय विणते?

वेळ वाचवणाऱ्यांपासून सावध राहावे. नगरला तशी परंपरा आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकन मराठी मिशनचे डी. सी. चर्चिल यांनी इथे सुधारित, वेगवान हातमाग बनवला. तो त्यांच्याच नावाने ओळखला गेला. इंग्लंडात जॉन केने १७३३ साली धावत्या धोट्याचे पेटंट घेतले होते, त्याच वाटेवरचे हे काम. साधे कापड विणून पोट भरणाऱ्याला वेगवान माग म्हणजे मोठाच आधार, त्यामुळे चर्चिलसाहेबांना कुणी हसू नये. पण धावणारा धोटा एका झटक्यात पन्हा ओलांडतो, आणि मोराच्या गळ्याचा धागा पन्हा ओलांडतच नाही. तिथे वेग वाढवून करायचे काय?

जाहिरातीत ‘रोमला जाणारी पैठणी’ लिहिण्याचा मोह होईल. ‘पेरिप्लस’ या ग्रीक व्यापारी मार्गदर्शिकेत पैठणचे नाव आहे खरे. पण तिथून भडोचला जाणारा माल म्हणून त्यात गोमेदासारखे खडे सांगितले आहेत, आणि कापड नोंदले आहे ते तगरचे, म्हणजे आजच्या तेरचे. जाहिरात लिहिणाऱ्याने हे वाचू नये.

ग्राहकाला शिकवायची गोष्ट एकच: पदर उलटा करून बघणे. हाताने विणलेल्या पदराची पाठ आणि पोट सारखेच दिसते; यंत्रावरच्या नक्षीच्या मागे मोकळे धागे लोंबतात, नाहीतर कापलेले दिसतात. पैठणीला भौगोलिक मानांकन २०१० सालीच मिळाले, पण दुकानातल्या दिव्यांखाली ते वाचायला थांबतो कोण? पदर उलटायला दोन सेकंद लागतात.

तरीही कुणीतरी येतेच: “लग्न पंधरा दिवसांवर आलंय, भरजरी मोराची हवी, आणि जरा कमी करा.” श्रेणीने त्यांना चहा द्यावा. त्याच गल्लीतले यंत्रमागाच्या साड्यांचे दुकान दाखवावे. मग वही उघडावी आणि नवरीच्या डोहाळजेवणासाठीची पैठणी निम्मी रक्कम आगाऊ घेऊन आजच्या तारखेला नोंदवून टाकावी.